पाहिले, हरकत आहे

कवठे महांकाळ
१२ ऑगस्ट १९९६

जयराज,

नावाच्या आधी काय लिहायचे ते ठरले नाही, म्हणून नुसते नाव लिहिले आहे.

तुझ्या अर्जाची नोटीस मुंबईच्या न्यायाधिकरणाकडून काल आली. रजिस्टर्ड होती. पोस्टमनने सगळ्या ऑफिससमोर माझी सही घेतली आणि विचारले, "कोर्टाचं दिसतंय. भावकीचं भांडाण का?" मी म्हणालो, तसेच समजा.

अर्ज इंग्रजीत आहे. इथल्या हायस्कूलच्या सरांकडून वाचून घेतला आणि रात्री बसून मराठीत उतरवून काढला. पहिले तीन प्रतिवादी सरकारी अधिकारी आहेत, नावाने नाहीत, हुद्द्याने. चौथा मी. म्हणजे त्या कागदावर नाव घेऊन भांडण्यासारखा माणूस मी एकटाच आहे. माझ्या नावापुढे 'कालवा निरीक्षक' असे लिहून कंसात 'वादग्रस्त' म्हटले आहे. आठ वर्षांत तू मला पुष्कळ नावे ठेवलीस. हे वकिलाचे असावे.

मला समजले ते असे. आपण दोघे १९८८ साली एकाच ऑर्डरने वाईच्या डाव्या कालव्यावर पाणी सोडायला पाटकरी म्हणून लागलो, तुझे नाव माझ्या वर होते. १९९२ साली मागासवर्गीयांच्या राखीव जागेवर मला मोजणीदार केले. तू १९९४ साली झालास. मोजणीदारांच्या यादीत मी दोन वर्षे आधीचा, म्हणून यंदा जानेवारीत कालवा निरीक्षकाची जागा रिकामी झाली तेव्हा ती मला मिळाली, आणि ती जागा राखीव नव्हती. आता दिल्लीच्या कोर्टाचा निकाल आला आहे. राखीव जागेमुळे कुणी आधी वर गेला तरी मागून येणारा मुळात ज्येष्ठ असेल तर तो पुन्हा त्याच्या वर. त्याप्रमाणे यादी बदलली, पण मला खाली कुणी उतरवले नाही. ते उतरवावे आणि तिथे तुला बसवावे, अशी तुझी मागणी आहे. यात माझी काही चूक होत असेल तर कळव.

मी उत्तर देणार आहे. वकील बघितला आहे.

भीती वाटली का, असे तू विचारशील. नाही वाटली. हे पत्र दुसऱ्यांदा लिहीत आहे ते पहिल्यात खाडाखोड झाली म्हणून.

एकच विचारायचे आहे. मे महिन्यात तू इथे येऊन माझ्या खोलीवर जेवलास. रस्सा दोनदा वाढून घेतलास. अर्ज करायचा होता तर ते मला पोस्टमनकडून का कळावे?

आई गावीच आहे. तिला काही सांगितलेले नाही, तूही सांगू नकोस.

सिद्धार्थ


कवठे महांकाळ
२० सप्टेंबर १९९६

जयराज,

तुझे कार्ड मिळाले. कार्ड म्हणजे वाईपासून इथपर्यंत ज्यांच्या हातात पडले त्या सगळ्यांनी वाचलेले असणार. पाकिटाचा खर्च परवडत नसल्यास मी तिकिटे पाठवतो.

तू लिहिले आहेस, "सिद्धू, यात तुझ्या माझ्यात काही नाही. युनियनच्या वकिलाने सांगितले म्हणून केले. मी बारावी, तू नववी. परीक्षा मी पहिल्या झटक्यात पास. तुझ्या आज्ज्यावर कुणी अन्याय केला असेल तर तो माझ्या आज्ज्यानं केला असेल, मी काय केले? तू माझ्या जागी असतास तर?"

तुझ्या जागी असतो तर मीही अर्ज केला असता कदाचित. पण आधी घरी येऊन सांगितले असते.

खात्याच्या परीक्षेत मी पहिल्या वेळी गणितात गेलो, हे खरे आहे. तुझ्या वकिलाच्या हातून ते राहून गेले आहे. घालायचे असल्यास साल १९९१ घाल. दुसऱ्या वेळी कुणाची उत्तरपत्रिका न बघता पास झालो, तेही घाल. नववी म्हणालास तेही बरोबर. दहावीला बसलो असतो, पण त्या वर्षी आबा गेले आणि मी धरणाच्या कामावर खडी वाहायला गेलो. ही सबब म्हणून सांगत नाही. मोजणीदाराला सातवी पासची अट होती. माझ्याकडे दोन इयत्ता जास्तीच्या होत्या.

आता पेढ्यांचे. १९९२ साली मी वाईच्या ऑफिसात पेढे वाटले तेव्हा दप्तर कारकून म्हणाले होते, "कोट्यातलं पेढं जरा जास्त गोड असत्यात का रं?" सगळे हसले. तू पुढे आलास, म्हणालास, "मी ओपनचा हाय, मला दोन दे." पुन्हा सगळे हसले. मीही हसलो. चार वर्षे ते हसू मी सांभाळून ठेवले आहे आणि ते मला आता नको आहे, म्हणून इथे लिहून परत करतो.

पण तुझी दुसरी बाजूही मी विसरत नाही, नाहीतर पत्र खोटे होईल. १९८९ च्या उन्हाळी पाण्याला तुझे काका कालव्याच्या वरच्या दारावर फावडे घेऊन उभे होते. त्यांचा ऊस पिवळा पडत होता. शेजपाळीच्या नियमाने पाणी आधी कालव्याच्या शेपटाला द्यायचे आणि तिथून एकेक शेत करत वर यायचे. त्यामुळे पाणी काकांच्या बांधाला घासून खाली चालले होते. मी नवीन, तुझ्या मागे उभा होतो.

काका म्हणाले, "माझ्या दारावरनं पाणी चाललंय, आन् मी नुसतं बघत बसू व्हय?"

तू दाराच्या कट्ट्यावर बसलास. म्हणालास, "बसा की. मी बी बसतो. वरनं सुरू केलं तर खाली जन्मात पोचत न्हाई, हे तुमाला बी ठावं हाय, काका."

"तुजी नोकरी मी लावली रं."

"म्हणून तर नीट करतोय."

काका फावडे टाकून निघून गेले. तू दिवसभर तिथे बसून राहिलास. संध्याकाळी त्यांच्याच घरून आलेली भाकरी आपण दोघांनी खाल्ली. मला वाटले होते, हा माणूस मोठा साहेब होईल. अजूनही वाटते. पण माझ्या जागेवरून नाही.

जो स्वतःच्या काकाला सांगतो की वरून सुरू केले तर खाली पोचत नाही, त्याला बाकीचे मी काय समजावून सांगू?

सिद्धार्थ


कवठे महांकाळ
८ डिसेंबर १९९६

जयराज,

परवा ऑफिसात तुझा फोन आला. तू म्हणालास, "शेपूट भिजलं की पाळी वर येती का न्हाई? का शेपटानंच सालभर दार उघडं ठेवायचं?" आजूबाजूला चारपाच जण होते, म्हणून मी 'बरं' म्हणालो आणि फोन ठेवला. 'बरं' म्हणजे कबूल असे नाही. ऑफिसात फोनवर 'बरं'च म्हणतात.

तुझा मुद्दा चांगला आहे. माझ्या वकिलाला सांगितला तर त्यांनी तो वहीत उतरवून घेतला. उत्तर मला कालव्यावर सुचले, ते लिहितो.

शेपूट भिजले की नाही, हे वरच्या दारावर बसून ठरत नाही. पाटकरी शेवटच्या शेताच्या शेवटच्या सरीपर्यंत चालत जातो, चप्पल काढतो आणि पाय घालतो. घोटा रुतला तर भिजले, मग पाळी वर. घोटा रुतला नाही तर शेतकरी कितीही ओरडो, दार हलवायचे नाही. हे तुला मी सांगायला नको. आपल्या मंडळात सातारा आणि सांगली मिळून जेवढे कालवा निरीक्षक आहेत त्यांची नावे एकदा डोळ्यांसमोर आण. त्यात आमच्यातले किती, ते बोटांवर मोज. एका हाताचीही काही बोटे शिल्लक राहतात. तू अर्ज केलास, युनियनने वकील दिला, दिल्लीच्या कोर्टाने निकाल दिला. शेवटच्या सरीत पाय घालून यांतले कोण बघून गेले? ते सांग, मग मी स्वतः दार उघडतो.

आता इथले. लिहिणार नव्हतो, पण तुझ्याशी संबंध आहे.

इथला तलाव लहान आहे, कालवाही आखूड. वरच्या अंगाला नाथाजीरावांच्या द्राक्षबागा, शेपटाला कोरडवाहू पट्ट्या. रब्बीची पाळी मी खालून सुरू केली. तिसऱ्या दिवशी वरच्या दाराचे कुलूप तोडलेले आणि पाणी बागेत. गेलो तर नाथाजीराव खाटेवर बसलेले.

"या साहेब. बसा. चा घ्या."

मी म्हणालो, "कुलूप कुणी तोडलं?"

"गंजलं असंल. पडलं असंल." मग हसून म्हणाले, "आवं साहेब, तुमी तात्पुरतं हाय म्हणं. कोर्टात हाय तुमचं. आज निरीक्षक, उद्या परत मोजणीदार. कशाला आमाला अंगावर घेताय?"

त्यांना हे कुणी सांगितले माहीत नाही. तुझे कार्ड ज्यांनी ज्यांनी वाचले त्यांच्यापैकी कुणीतरी असेल.

मी नवे कुलूप घातले आणि पंचनामा केला. पंच मिळेनात, तेव्हा शेपटाकडची दगडाबाई म्हणून एक म्हातारी आहे, ती दोन माणसे घेऊन वर चालत आली. तिला म्हटले, "आजी, माझ्यामुळं तुमचं वरच्यांशी वाकडं होईल." ती म्हणाली, "तुझ्यामुळं न्हवं, पान्यामुळं. तू कोन, कुनाचा, तुझी कोर्टकचेरी काय, त्ये तू बघ. माझा शाळू पोटऱ्यात आलाय, आता पानी न्हाई तर कणीस न्हाई. अंगठा कुटं करू?"

पंचनाम्याखाली मी सहीपुढे हुद्दा पूर्ण लिहिला. शाई जरा पसरली आहे ती कागद दमट होता म्हणून.

तुझ्या अर्जाने माझी बढती अजून गेलेली नाही. पण माझ्या कुलपाची किंमत गेली आहे. हे तुला माहीत असावे.

सिद्धार्थ


कवठे महांकाळ
२२ जानेवारी १९९७

जयराज,

सुनावणी करून मुंबईहून आल्यापासून तीनदा लिहायला बसलो. आज पुरे करतोच.

तिथल्या एसटी स्टँडवर सकाळी उतरलो तर समोर तू, गळ्याला मफलर गुंडाळलेला, हातात पिशवी. आपण एकाच गाडीने आलो होतो आणि रात्रभर दोघांनाही कळले नव्हते. मी तोंड फिरवणार होतो. तू म्हणालास, "कोर्टाकडं कसं जायचं, ठावं हाय का?"

मी म्हणालो, "नाही."

"मग इचार की कुणाला."

"तू विचार. अर्जदार तू आहेस."

"मला लाज वाटती बाबा."

शेवटी मीच विचारले. सरकारविरुद्ध आणि एकमेकांविरुद्ध भांडायला निघालेली दोन माणसे एका टॅक्सीने गेली आणि भाडे अर्धे अर्धे दिले, हे कुणाला सांगितले तर खरे वाटणार नाही. बाहेरच्या बाकावर तू डबा उघडलास. रंगुबाई काकूंनी भाकऱ्या चार दिल्या होत्या. "दोन तुझ्या, म्हणली आई. काय बी करा, उपाशीपोटी भांडू नका." मी खाल्ल्या. काकूंना सांग, ठेचा नेहमीसारखा होता.

आत जे झाले ते तुलाही माहीत आहे, पण मला ते माझ्या शब्दांत लिहून ठेवायचे आहे.

माझ्या वकिलांनी सांगितले की बदललेली यादी अन्यायाची आहे. सरकारी वकील उठले, त्यांनी तीच यादी पुढे केली आणि म्हणाले, प्रतिवादी क्रमांक चार यांनी ही यादी स्वतः पाहिली, एक महिन्याच्या मुदतीत काहीही हरकत घेतली नाही. शेवटच्या पानावर माझ्या अक्षरात 'पाहिले', खाली सही, तारीख २० मे.

न्यायाधीशांनी मला उभे केले. "हे अक्षर तुमचं?"

"होय साहेब."

"सुंदर आहे. मग हरकत का नाही घेतली?"

खरे उत्तर असे होते की रस्सा गार होत होता.

तू पाहुण्याच्या लग्नाला इकडे येणार म्हणून सांगलीच्या ऑफिसातल्या कारकुनाने ती फाईल तुझ्या पिशवीत टाकली होती. "जातोयस तर त्याची सही घेऊन ये." तू जेवायला बसता बसता ती काढलीस. "यादी हाय कसली तरी. पाहिले लिही, पुढं जाऊ दे." आपल्या खात्यात सगळे तेच करतात. यादी, परिपत्रक, सूचना, काहीही येवो, उभ्या उभ्या 'पाहिले' लिहायचे आणि फाईल पुढच्याच्या गळ्यात टाकायची. पान उलटणाऱ्याला लोक हसतात. एक शब्द लिहिताना दोनदा तपासणारा मी, त्या दिवशी एक पान उलटले नाही. त्या पानावर तू माझ्या वर होतास.

बाहेर आल्यावर तू म्हणालास, "मला तवा कायबी ठावं न्हवतं रं. आईशप्पत. वकिलानं पुढं जून मधी सांगितलं."

मी तुझ्यावर विश्वास ठेवायचे ठरवले आहे. पूर्वी ठरवावे लागत नसे, एवढेच.

परतीला तू साताऱ्यात उतरलास तेव्हा मी झोपलेलो नव्हतो.

सिद्धार्थ


कवठे महांकाळ
२४ मार्च १९९७

जयराज,

या पत्रात आधी उपकार, मग बाकीचे.

आई गावी ओट्यावरून पडली तेव्हा मी इथे होतो आणि तू तिथे होतास. तू तिला उचलून जीपमध्ये घातलेस, साताऱ्याला नेलेस, खुब्याचे ऑपरेशन होईपर्यंत बाहेर बसलास. रक्त दिलेस, हे मला नर्सने सांगितले, तू नाही. मी पोचलो तेव्हा तू तिला चमच्याने पेज भरवत होतास आणि ती तुला शिव्या देत होती, मीठ नाही म्हणून. हे मी जन्मभर विसरणार नाही. 'जन्मभर' हा शब्द मी सहज लिहीत नाही.

आता दवाखान्याच्या व्हरांड्यातले बोलणे.

तू म्हणालास, "सिद्धू, निकाल माझ्या बाजूनं लागणार. तुझा वकील बी आतनं तेच म्हणतोय. तू आधीच लिहून दे, घरगुती कारणानं बढती नको म्हणून. साहेबांशी बोललोय मी. वाईला मोजणीदार म्हणून जागा देत्यात. सेवापुस्तकात डाग न्हाई, कायबी न्हाई. म्हातारी एकटी हाय रं."

मी म्हणालो, विचार करतो. केला. पंधरा दिवस दुसरे काही केले नाही.

आईला विचारले. तुला वाटत असेल तिने मला उभे राहायला सांगितले असेल. ती म्हणाली, "लिहून दे आन् ये घरला. निरीक्षक हून काय सोन्याचा धूर निघतोय? जयराज काय परका हाय?" म्हणजे तुझ्या बाजूला आता तू, तुझा वकील, माझा वकील, साहेब आणि माझी आईही आहे.

अर्ज मी लिहिला. नमुना ऑफिसात मिळतो. कच्चा लिहिला, मग चांगल्या कागदावर उतरवला. एकही चूक नाही. नमुन्यात एक वाक्य आहे, 'मी ही पदोन्नती स्वेच्छेने नाकारत आहे.' तिथपर्यंत आलो. 'स्वेच्छेने' हा मला लिहिता येत नाही असा शब्द नव्हे, लिहिलाही. पण त्याच्याखाली सही होईना. कारण ते खरे नाही. मला ही जागा हवी आहे, जयराज. मला सकाळी कालव्यावर जायला आवडते. नाथाजीरावांनी कुलूप तोडल्यावर पंचनामा करायला आवडते. दगडाबाईच्या शेवटच्या सरीत पाणी गेले त्या दिवशी तिने मला बांधावर बसवून हुरडा खायला घातला, म्हणाली, "खा, साहेब हायस ना." चेष्टेने म्हणाली. तरी मला आवडले.

दुसरे कारण तुझ्याबद्दल आहे. तू आईला उचललेस ते कशासाठी नव्हते. मी सही केली की ते कशासाठी तरी होईल. मी ते होऊ देणार नाही. तुझ्यासाठीसुद्धा नाही.

मला उतरवायचेच असेल तर त्यांनी उतरवावे. सेवापुस्तकात लिहावे, 'पदावनत केले'. कारण लिहावे, तारीख घालावी, खाली सही करावी. डाग पडेल म्हणतोस. पडू दे. तो मी पाडलेला नसेल, आणि कुणी पाडला ते त्याच पानावर वाचता येईल. मी स्वतःच्या हाताने पान स्वच्छ ठेवून दिले तर आणखी वीस वर्षांनी कुणीतरी म्हणेल, सिद्धार्थ भंडाऱ्याला नकोच होती, त्याने आपणहून सोडली.

तो चांगल्या कागदावरचा अर्ज मी फाडला. तुकडे बंबात घातले आणि त्याच पाण्याने आंघोळ केली.

तुझी इच्छा चांगली होती हे मला कळते. तिला माझा नकार आहे.

आईच्या औषधांची चिठ्ठी तुझ्याकडे राहिली आहे, ती पाठव.

सिद्धार्थ


कवठे महांकाळ
९ जून १९९७

जयराज,

निकाल तुझ्या बाजूने लागला आणि त्याप्रमाणे खात्याचा आदेश आला. एकाच कागदावर वर माझी पदावनती आणि खाली तुझी बढती आहे, म्हणजे एक कागद वाचवला. माझ्या जागेवर तू, इथेच, कवठे महांकाळला. मला वाईला जायचे का, असे साहेबांनी पुन्हा विचारले. मी म्हणालो, नाही, इथेच मोजणीदार म्हणून ठेवा. "पिसाळांच्या हाताखाली काम कराल?" मी म्हणालो, "काम करीन. अपीलही करीन." हायकोर्टाचे कागद गेल्या आठवड्यात गेले आहेत. नोटीस तुला इथल्या पत्त्यावर येईल. या वेळी आधी सांगत आहे.

आईला इकडे आणले आहे. काठी घेऊन चालते. इथले पाणी मचूळ आहे म्हणून रोज सकाळी मला आणि तुला, दोघांना बोलते.

तुला काही गोष्टी सांगून ठेवतो. यात उपरोध नाही.

पोस्टाच्या मागे एक खोली बघितली आहे. मालक बोलका आहे, पण पाणी नियमित सोडतो. वरच्या दाराच्या कुलपाची एक किल्ली ऑफिसात, एक माझ्याकडे. नवीन कुलूप मागवून घे, जुने हिसका दिला की उघडते. खालच्या चारीला दोन ठिकाणी गळती आहे, तिथे उन्हाळ्यातच माती घालायला हवी होती, मंजुरी आली नाही.

नाथाजीराव तुला पहिल्याच दिवशी भेटायला येतील. बेदाण्याची पिशवी आणतील आणि म्हणतील, "बरं झालं साहेब, आता आपला माणूस आला." मी त्या वेळी तिथेच असेन, मोजणीचे काम काढून मुद्दाम थांबेन. तू त्यांना काय उत्तर देतोस ते मला माझ्या कानांनी ऐकायचे आहे. कोर्टात मला जे विचारता आले नाही ते एवढेच आहे.

ऑफिसात मी तुला साहेब म्हणेन. तू नको म्हणू नकोस. तो तुझा मान नाही, खुर्चीचा आहे, आणि ती खुर्ची मी परत मागणार आहे, तेव्हा तिचा मान राखणे माझ्या फायद्याचे आहे. घरी आईच्या हातचे जेवायला ये. तिथे तू जयराज.

चार्ज देण्याचा कागद मी तयार केला. दारे, कुलपे, मोजणीच्या साखळ्या, फायली, सगळे दोन पानांत लिहिले आहे. खाली देणाऱ्याची सही आणि घेणाऱ्याची सही. माझ्या सहीच्या वर मी लिहिले, 'चार्ज दिला. या पदावनतीस माझी हरकत आहे. अपील दाखल केले आहे.'

शाखाधिकारी साहेबांनी कागद परत केला. "भंडारे, चार्जच्या कागदावर हे लिहायची पद्धत नाही. 'दिला' एवढंच लिहितात सगळे."

मी म्हणालो, "पद्धत मला माहीत आहे, साहेब."

"दुसरा कागद करा."

मी दुसरा कागद केला. त्यावरही तेच लिहिले. अक्षर थोडे मोठे काढले. तो त्यांनी फाईलला लावला.

घेणाऱ्याच्या सहीची जागा नमुन्यात खालीच असते, म्हणून तुझी सही माझ्या हरकतीच्या खाली येईल. सोमवारी सकाळच्या गाडीने आलास की मी कागद तुझ्यापुढे ठेवीन. चहा मागवीन, तो गार झाला तरी चालेल. दोन्ही पाने उलटून नीट वाच. वाचून मग सही कर.

सिद्धार्थ